‘स्मेल्स लाइक टीन स्पिरिट’बद्दल सारखे विचारले जाणारे प्रश्न

निर्वाणा या अमेरिकन रॉक बँडचं हे गाणं कुठे लावलं की पाच मिनिटांत कोणीतरी विचारतंच, अरे तो डिओडरंटचा किस्सा खरा आहे का, मग दुसरा विचारतो तो काय बोलतोय, तिसरा म्हणतो हे तर बोस्टन या बँडच्या गाण्यासारखं वाटतं. दरवेळी तेच तेच टाइप करून कंटाळा आला म्हणून एकदाच सगळं इथे लिहून ठेवतोय. मी काही म्युझिकचा प्रोफेसर नाही, डोंबिवलीच्या एका गॅलरीत शेजाऱ्यांच्या शिव्या खात हे गाणं वाजवायला शिकलेला माणूस आहे, त्यामुळे मतं माझी, पण माहिती नीट तपासून दिलीय.

टीन स्पिरिट म्हणजे नक्की काय?

डिओ. अमेरिकेत मेनन नावाच्या कंपनीचा, शाळा-कॉलेजातल्या मुलींसाठीचा डिओडरंट. १९९० च्या ऑगस्टमधली गोष्ट, गाव ऑलिम्पिया, अमेरिकेच्या वायव्य कोपऱ्यातल्या वॉशिंग्टन राज्याची राजधानी. तिथे निर्वाणाचा गायक-गिटारिस्ट कर्ट कोबेन राहायचा आणि बिकिनी किल या बँडची कॅथलीन हॅना त्याची मैत्रीण होती, मैत्रीण म्हणजे नुसती दोस्त. कर्टचं प्रकरण होतं त्याच बँडच्या ड्रमर टोबी व्हेलशी. तर एका रात्री कर्ट आणि कॅथलीन भरपूर प्यायले, गर्भपाताच्या नावाखाली मुलींना फसवणाऱ्या एका सेंटरच्या भिंतीवर स्प्रे पेंटने घोषणा लिहून आले, मग कर्टच्या खोलीवर धिंगाणा घातला आणि कॅथलीनने मार्करने भिंतीवर लिहिलं की कर्टला टीन स्पिरिटचा वास येतोय. टोबी तो डिओ लावायची, तो वास याच्या अंगाला, बाकी काय ते समजून घ्या. साधी चेष्टा होती. काही महिन्यांनी कर्टने कॅथलीनला फोन केला की तू भिंतीवर लिहिलेली ती ओळ मी गाण्यात वापरू का, आणि ती चाटच पडली, याला त्या ओळीचं करायचंय काय असं तिला झालं.

पण कर्टला खरंच माहीत नव्हतं की तो डिओ आहे?

त्याच्याच म्हणण्यानुसार नव्हतं. आदल्या संध्याकाळी दोघं तरुणांची बंडखोरी, क्रांती वगैरे बोलत बसले होते, त्यामुळे त्याला वाटलं ही आपली तारीफ आहे, तुझ्यात तरुणाईचा जोश आहे टाइप. सिंगल, म्हणजे या एकट्या गाण्याची रेकॉर्ड, बाजारात येऊन काही महिने झाल्यावर त्याला कळलं की ती बगलेत लावायची कांडी आहे. तोपर्यंत जगभरची पोरं ते नाव पिढीची घोषणा म्हणून टी-शर्टवर मिरवत होती आणि कंपनीची चांदी, एक पैसा खर्च न करता जाहिरात! १९९२ मध्ये कोलगेट-पामोलिव्हने मेनन विकत घेतली, म्हणजे आपल्या टूथपेस्टवाल्यांच्या घरी गेला तो डिओ.

किस्सा भारी आहे, मान्य. पण लोक इथेच थांबतात, आणि माझ्या मते गाण्याची खरी गोष्ट याच्या पुढे सुरू होते.

गाणं कोणी लिहिलं? कर्टनेच ना?

हा प्रश्न विचारला की मी जरा तापतो. रिफ, म्हणजे पुन्हा पुन्हा येणारा तो गिटारचा तुकडा, कर्टची, शब्द कर्टचे, चाल कर्टची. पण ‘नेव्हरमाइंड’ या अल्बमची क्रेडिट्स नीट बघा, अख्ख्या अल्बममध्ये हे एकच गाणं आहे ज्यावर तिघांची नावं आहेत, कोबेन, ग्रोल आणि नोव्होसेलिक. आणि ते उगाच नाही.

झालं असं की १९९१ च्या सुरुवातीला, रेकॉर्डिंगच्या थोडे आधी, कर्ट प्रॅक्टिसला ती चार कॉर्डची रिफ आणि कोरसची, म्हणजे ध्रुवपदाची, चाल घेऊन आला. बास वाजवणारा क्रिस्ट नोव्होसेलिक म्हणाला, काय फालतू आहे हे. मग कर्टने काय करावं, हट्टाला पेटून सगळ्यांना तीच रिफ दीड तास वाजवायला लावली. दीड तास! ज्याने कधी बँडमध्ये प्रॅक्टिस केलीय त्याला कळेल हा काय छळ असतो. पण त्या छळातच गाणं सापडलं, कारण वाजवून वाजवून वैतागल्यावर क्रिस्टच म्हणाला की अरे हे जरा हळू करून बघूया, आणि तो व्हर्सचा, म्हणजे कडव्याचा, भाग नुसत्या बासवर हळू वाजवायला लागला, त्यावर ड्रमर डेव्ह ग्रोलने एक बीट धरला आणि तिथे ती जागा तयार झाली जिथे गाणं दबा धरून बसतं आणि मग अंगावर येतं. ही जागा काढून टाका आणि नुसती रिफ पाच मिनिटं ऐका, क्रिस्टचं पहिलं मत बरोबर होतं असं वाटेल.

आणि डेव्ह तर बँडमध्ये नवा होता, १९९० च्या सप्टेंबरमध्ये आलेला. सुरुवातीला गिटार एकटी खरवडते आणि मग ड्रम कोसळतो ना, तो फिल कुठून आला हे त्याने स्वतः नंतर सांगितलंय, द गॅप बँड, कॅमिओ आणि टोनी थॉम्प्सन, म्हणजे सगळं फंक आणि डिस्को! पंक रॉकचं राष्ट्रगीत म्हणून जे मिरवतात त्याची सुरुवात नाचायच्या संगीतातून उचललेली आहे. मला ही गोष्ट डिओच्या किश्श्यापेक्षा दहापट जास्त आवडते.

म्हणजे पैसेपण तिघांना सारखेच मिळाले?

आधी ठरलं होतं तसं. मग अल्बम लाखांनी खपायला लागल्यावर १९९२ मध्ये कर्टने हिशोब बदलायला लावला, शब्दांचे सगळे आणि संगीताचे ७५ टक्के पैसे माझे, आणि तेही मागच्या तारखेपासून. त्यावरून बँड तुटायची वेळ आली होती. शेवटी बाकी दोघांनी मान्य केलं. बाकीच्या गाण्यांच्या बाबतीत कर्टचं म्हणणं मी समजू शकतो, बहुतेक सगळं तोच लिहायचा. या एका गाण्याच्या बाबतीत मात्र मी दीड तास तीच रिफ वाजवणाऱ्यांच्या बाजूने.

रिफ चोरलीय का? बोस्टनचं गाणं ऐकलं आणि मला शॉकच बसला

‘मोअर दॅन अ फीलिंग’, १९७६ चं. साम्य आहे, लय आणि कॉर्डची ठेवण दोन्हीत, आणि बँडलाही ते पक्कं माहीत होतं. १९९२ च्या इंग्लंडमधल्या रीडिंग फेस्टिव्हलमध्ये या गाण्याआधी त्यांनी मुद्दाम त्या बोस्टनच्या गाण्याचा तुकडा वाजवला, म्हणजे घ्या, तुम्हीच म्हणता ना, मग आम्हीच वाजवतो. ‘लुई लुई’चंही नाव घेतात लोक.

पण कर्टने स्वतः चोरीची कबुली दिली ती वेगळ्याच बँडची. १९९४ मध्ये रोलिंग स्टोन मासिकाला त्याने सांगितलं की मी एक जबरदस्त पॉप गाणं लिहायचा प्रयत्न करत होतो आणि खरं तर पिक्सीज या बँडची नक्कल मारत होतो, व्हर्स हळू आणि कोरस कर्कश हे त्यांचंच. पिक्सीज पहिल्यांदा ऐकल्यावर त्याला वाटलं होतं की आपण या बँडमध्येच असायला हवं होतं. आता गंमत बघा, पिक्सीज किती लोकांनी ऐकलेत? आणि ती हळू-मोठ्याने-हळूची ट्रिक आज कोणाच्या नावावर आहे?

रेकॉर्डिंग कुठे झालं? सिअ‍ॅटलमध्ये ना?

नाही. लॉस एंजेलिसच्या व्हॅन नाइज भागात साउंड सिटी नावाचा स्टुडिओ, मे १९९१. बाहेरून गोदामासारखा, आतून कळकट, पण तिथे ड्रमचा आवाज फार भारी येतो म्हणून प्रसिद्ध, आणि तिथला नीव्ह कंपनीचा मिक्सिंग कन्सोल म्हणजे रेकॉर्डिंगवाल्यांसाठी देवघर. डेव्ह ग्रोलने पुढे तो कन्सोल विकतच घेतला आणि २०१३ मध्ये त्या स्टुडिओवर डॉक्युमेंटरी काढली, एवढा जीव होता त्याचा.

प्रोड्यूसर बुच विग, विस्कॉन्सिनचा, शांत माणूस. रेकॉर्डिंगला जायच्या आधी बँडने त्याला प्रॅक्टिसची कॅसेट पाठवली होती, साध्या टेपरेकॉर्डरवर घेतलेली, आवाज इतका फाटलेला की धड काही कळत नव्हतं, तरी त्या गोंगाटाच्या तळाशी गाणं आहे हे विगने ओळखलं. मग त्याने थोडी कात्री चालवली, कोरस लांबला होता तो छोटा केला आणि गिटारचा एक तुकडा उचलून कोरसमध्ये आणून बसवला. मूळ ट्रॅक तीन टेकमध्ये झाला आणि दुसरा ठेवला. आज एकेका ड्रमच्या ठोक्याला दोन दोन दिवस घासणारे लोक आहेत, आणि इथे दुसरा टेक, संपला विषय.

त्यात एक मजेशीर अडचण आली, कर्ट वाजवता वाजवता पायाने गिटारचा आवाज बदलणारं पेडल चालू करायला जायचा आणि तेवढ्यात लय हलायची, ते विगला नंतर दुरुस्त करावं लागलं. हे वाचल्यापासून मला फार बरं वाटतं, कारण आमचाही तोच प्रॉब्लेम होता!

कर्टच्या आवाजाचे फक्त तीन टेक मिळाले. चौथा टेक मिळाला तर नशीब असं विग म्हणायचा, कारण हा माणूस घसा फाडून गायचा आणि मग संपायचाच. एकाच ओळीवर दुसऱ्यांदा आवाज चढवायला, म्हणजे डबल ट्रॅकिंगला, कर्टचा ठाम नकार, ते खोटं वाटतं म्हणे. विगने हुकमी पत्ता टाकला, अरे जॉन लेनन करायचा. झालं, बीटल्सचं नाव काढल्यावर गडी तयार. शेवटच्या भागात तोच शब्द पुन्हा पुन्हा ओरडताना आवाज कसा फाटत जातो ते हेडफोन लावून ऐका, तिथे कसली युक्ती नाही, घसाच गेलाय.

मिक्स मात्र विगचा नाही, अँडी वॉलेसचा, ज्याने आधी स्लेयर या मेटल बँडबरोबर काम केलं होतं. त्याने सगळं घासूनपुसून चकाचक केलं आणि कर्ट नंतर कुरकुरत राहिला की हे फार गुळगुळीत झालं, पंक वाटतच नाही. खरंय त्याचं. पण तो गुळगुळीतपणा नसता तर रेडिओने हात लावला नसता हेही तितकंच खरं. त्यांचा पहिला अल्बम ‘ब्लीच’ ६०६ डॉलर १७ सेंटमध्ये झाला होता, आणि ‘नेव्हरमाइंड’चं ठरलेलं बजेटच ६५ हजार डॉलर होतं, शेवटी खर्च त्याच्याही वर गेला. फरक कानाला ऐकू येतो.

तो नक्की काय म्हणतोय? एक शब्द कळत नाही

तुम्हालाच नाही, अमेरिकेतही कळत नव्हतं. एमटीव्हीने शेवटी व्हिडिओची एक अशी आवृत्ती दाखवली ज्यात खाली शब्द पळत होते, स्वतःच्या देशात, स्वतःच्या भाषेतल्या गाण्याला! आमच्या कॉलेजात तर प्रत्येकाची वेगळी व्हर्जन होती आणि कोरसला सगळे एकत्र काहीतरी होहोहो करून वेळ मारून न्यायचे.

शब्द कळले तरी सरळ अर्थ लागत नाही. कर्टचे शब्द वहीत तुकड्यातुकड्यांनी लिहिलेले असायचे आणि रेकॉर्डिंगच्या तोंडावर जोडले जायचे. कोरसमधली ती करमणूक करा आमची अशा अर्थाची ओळ आहे ना, ती तो पार्टीत शिरताना म्हणायचा, सगळे अवघडून गप्प बसलेले असले की हा दारातून, आलो बाबा आम्ही, करा आता आमची करमणूक. बाकी त्यात आपल्याच पिढीच्या आळसाची टिंगल आहे, क्रांतीबिंतीची टिंगल आहे आणि थोडी स्वतःची टिंगल आहे. म्हणजे ज्या गाण्याला सगळ्यांनी पिढीचं घोषणागीत केलं, ते मुळात घोषणा देणाऱ्यांना चिमटा काढणारं होतं. तरीपण मी म्हणेन की शब्दांमागे फार लागू नका. तो ओरडतो तेव्हा काय वाटतं ते सगळ्यांना कळतं, म्हणून तर फ्रान्सपासून न्यूझीलंडपर्यंत चाललं.

लेबलला माहीत होतं का की हे एवढं चालणार?

अजिबात नाही! सिंगल आलं १० सप्टेंबर १९९१ ला, डीजीसीकडून, म्हणजे गेफनच्या घरातलंच लेबल. प्लॅन असा होता की हे गाणं कॉलेज रेडिओवाल्यांसाठी, जरा वातावरण तापवायला, आणि खरा हिट पुढचा, ‘कम अ‍ॅज यू आर’. मागच्या बाजूला ‘ईव्हन इन हिज यूथ’ आणि ‘अ‍ॅन्युरिझम’ ही गाणी. अल्बम २४ सप्टेंबरला आला तेव्हा अमेरिकेत साधारण ४६ हजार प्रती दुकानांत पाठवल्या होत्या, अडीच लाख खपल्या तरी गंगेत घोडं न्हालं अशी अपेक्षा. अल्बमच्या पार्टीतून, सिअ‍ॅटलच्या री-बार नावाच्या जागेतून, बँडलाच हाकलून दिलं होतं कारण यांनी तिथे खाण्याची फेकाफेक केली. स्वतःच्याच पार्टीतून!

व्हिडिओबद्दल सांगा, ती शाळा कुठली?

शाळा नाहीच ती. कॅलिफोर्नियात कल्व्हर सिटीमध्ये एका स्टुडिओच्या सेटवर जिम उभारलं होतं, शूटिंग १७ ऑगस्ट १९९१. दिग्दर्शक सॅम्युएल बायर, त्याचा हा पहिलाच मोठा व्हिडिओ, आणि त्याला काम का मिळालं तर त्याने पाठवलेले नमुने इतके सामान्य होते की बँडला वाटलं, हा काही चकचकीत कॉर्पोरेट करणार नाही. हे बायरच स्वतः सांगतो.

कल्पना अशी की शाळेची सभा चालू आहे, चिअरलीडर्स नाचतायत, त्यांच्या छातीवर अराजकवाद्यांचा गोलातला ‘ए’, बाकावर पोरं कंटाळून बसलीयत आणि शेवटी सगळं मोडून टाकतात. यामागे १९७९ चा ‘ओव्हर दि एज’ हा सिनेमा आहे, जो कर्टचा भयंकर लाडका. बाकावरची पोरं म्हणजे खरे चाहते, दोनच दिवस आधी रॉक्सी क्लबच्या शोमध्ये त्यांना पत्रकं वाटून बोलावलेलं. आणि मग त्यांना दिवसभर बसवून ठेवलं. तेच गाणं पुन्हा पुन्हा लावायचं, धुरात बसायचं, हलायचं नाही, बायर भोंग्यावरून ओरडतोय, कर्टचं आणि त्याचं वाजलेलं. संध्याकाळपर्यंत सगळी पोरं पिसाळलेली, कर्टने मागे लागून त्यांना खाली उतरून नाचायची परवानगी मिळवली आणि मग जे झालं ते तुम्ही बघताच. ती मोडतोड खरी आहे. वैताग अ‍ॅक्टिंगने येत नाही तसा.

पहिलं एडिट कर्टला आवडलं नाही, त्याने स्वतः बसून बदललं आणि शेवटी त्याचा चेहरा एकदम कॅमेऱ्याजवळ येतो तो शॉट घातला. झाडूवाला, तो मॉपबरोबर नाचणारा, माझा आवडता. कर्टने स्वतः साफसफाईची कामं केलेली होती, म्हणून मला तो विनोद वाटत नाही.

एमटीव्हीवर पहिल्यांदा दाखवला २९ सप्टेंबरला, ‘वन ट्वेंटी मिनिट्स’ या रात्री उशिराच्या कार्यक्रमात. मग रात्रीचा दिवसा आला आणि दिवसाचा दर तासाला. १९९२ च्या एमटीव्ही पुरस्कारांत नवीन कलाकार आणि ऑल्टरनेटिव्ह व्हिडिओ अशी दोन बक्षिसं.

मायकल जॅक्सनला हरवलं म्हणतात ते हेच गाणं का?

इथे दोन गोष्टींची भेसळ होते. जॅक्सनच्या ‘डेंजरस’ला पहिल्या नंबरवरून खाली ओढलं ते ‘नेव्हरमाइंड’ या अल्बमने, ११ जानेवारी १९९२ च्या बिलबोर्डमध्ये, म्हणजे अमेरिकेतल्या खपाच्या यादीत. सिंगल अमेरिकेत सहाव्या नंबरपर्यंत गेलं, त्याच्या वर नाही, मॉडर्न रॉकच्या यादीत मात्र पहिलं. ब्रिटनमध्ये सातवं. फ्रान्स, बेल्जियम, स्पेन, न्यूझीलंड इथे पहिलं. ख्रिसमसला मिळालेली गिफ्टं बदलून पोरांनी ‘नेव्हरमाइंड’ घेतला अशी एक थिअरी आहे, ऐकायला गोड आहे. आणि योगायोग असा की त्याच ११ जानेवारीच्या रात्री बँड ‘सॅटरडे नाइट लाइव्ह’वर हेच गाणं वाजवत होता.

समीक्षकांना आवडलं होतं का?

हो, आणि लगेच. न्यूयॉर्कच्या व्हिलेज व्हॉइस या साप्ताहिकाने घेतलेल्या समीक्षकांच्या मतदानात १९९१ चं पहिल्या क्रमांकाचं सिंगल हेच. ग्रॅमीची दोन नामांकनं मिळाली, मिळालं काहीच नाही, रॉक गाण्याचं बक्षीस एरिक क्लॅप्टनच्या ‘लायला’च्या अनप्लग्ड अवताराला गेलं, म्हणजे वीस वर्षं जुन्या गाण्याला. ग्रॅमीवाले ग्रॅमीसारखेच वागले. मग २०१७ मध्ये ग्रॅमीच्या हॉल ऑफ फेममध्ये घेतलं. रोलिंग स्टोनच्या सर्वोत्तम ५०० गाण्यांत २००४ ला नववं, २०२१ ला पाचवं. यूट्यूबवर २०१९ च्या शेवटी व्हिडिओने १०० कोटी व्ह्यूज ओलांडले.

या गाण्याने हेअर मेटल संपवलं, बरोबर?

एका गाण्याने काही संपत नसतं हो. त्या दोन महिन्यांचं कॅलेंडर बघा, १९९१ चा ऑगस्ट-सप्टेंबर, मेटॅलिकाचा काळा अल्बम, पर्ल जॅमचा ‘टेन’, गन्स अँड रोझेसचे दोन अल्बम एकाच दिवशी, रेड हॉट चिली पेपर्सचा तर ‘नेव्हरमाइंड’च्याच दिवशी, आणि पुढच्या महिन्यात साउंडगार्डनचा. केसांना स्प्रे मारून घट्ट पँटीत नाचणाऱ्यांचा कंटाळा आधीच आला होता, दार ढिलं झालं होतं, निर्वाणाने लाथ मारली.

‘विअर्ड अल’वाल्या विडंबनावर बँड चिडला होता का?

उलट खूश. गाजलेल्या गाण्यांची विडंबनं करणाऱ्या विअर्ड अल यँकोविकने कर्टला सॅटरडे नाइट लाइव्हच्या वेळीच फोनवर गाठलं, तेव्हा कर्टने विचारलं की गाणं खाण्याबद्दल असणार का, कारण अलची तशी ख्याती. अल म्हणाला, नाही, तुझे शब्द कोणाला कळत नाहीत याबद्दल. कर्ट लगेच तयार. ‘स्मेल्स लाइक निर्वाणा’, १९९२, व्हिडिओ शूट त्याच सेटवर आणि झाडूवालाही तोच! बघाच.

तो टॉप ऑफ द पॉप्सवाला विचित्र व्हिडिओ खरा आहे का?

खरा, नोव्हेंबर १९९१, बीबीसीचा गाण्यांचा टीव्ही कार्यक्रम. तिथे वाद्यं वाजवल्याचं नाटक करायचं आणि आवाज तेवढा लाइव्ह अशी पद्धत होती. यांना ते पटलं नाही, मग कर्टने मॉरिसी या ब्रिटिश गायकाची नक्कल करत भुतासारख्या खर्जात गाणं म्हटलं, शब्द बदलले, माइक तोंडात कोंबला, गिटारला हात लावला न लावल्यासारखा, आणि क्रिस्टने बास हवेत फिरवला. प्रेक्षक बिचारे टाळ्या वाजवतायत. ही चार मिनिटं मला कुठल्याही मुलाखतीपेक्षा जास्त सांगतात.

कर्टला हे गाणं आवडत नव्हतं का?

वाजवायचा कंटाळा आला होता. त्याचं म्हणणं असं की लोकांनी हे एकच गाणं डोक्यात भरून घेतलंय कारण त्यांनी ते टीव्हीवर दहा लाख वेळा पाहिलंय, माझी याच्याइतकी चांगली किंवा याहून चांगली गाणी आहेत, उदाहरणार्थ ‘ड्रेन यू’. (मला विचाराल तर ‘ड्रेन यू’बद्दल तो बरोबर होता.)

दुसरं कारण जास्त खोल होतं. हे गाणं ऐकायला आता तीच पोरं यायला लागली होती जी शाळेत त्याला बडवायची. १९९२ च्या ऑक्टोबरमध्ये ब्युनोस आयर्सला निर्वाणाच्या आधी कॅलॅमिटी जेन हा मुलींचा बँड वाजवत होता, गर्दीने त्यांच्यावर वस्तू फेकल्या, हुर्यो उडवली, त्या रडत उतरल्या. कर्टने मग बदला असा घेतला की शोमध्ये पुन्हा पुन्हा टीन स्पिरिटची सुरुवात वाजवायची, गर्दी उसळली की थांबायचं आणि दुसरंच काहीतरी सुरू करायचं. शेवटपर्यंत वाजवलंच नाही. ५ एप्रिल १९९४ ला तो गेला, वय २७.

आपल्याकडे कधी पोचलं?

योगायोग बघा, हे सिंगल आलं त्याच सुमारास हाँगकाँगहून स्टार टीव्ही सुरू झाला आणि त्यातून एमटीव्ही आपल्याकडे आलं. दूरदर्शनची सवय असलेल्या घरात केबलवाल्याने वायर आत आणली आणि त्यातून हा पिवळट धूर बाहेर आला. माझ्या आजीने एकदा विचारलं होतं, याचं पोट दुखतंय का रे. मुंबईत धोबी तलावच्या रंगभवनात इंडिपेंडन्स रॉक हा रॉक बँडचा महोत्सव व्हायचा, काळा घोड्याच्या ऱ्हिदम हाउसमध्ये कॅसेट चाळत उभं राहायचं, आणि ज्याच्याकडे ओरिजिनल कॅसेट त्याच्याकडे सगळी गल्ली कोरी कॅसेट घेऊन रांगेत. आमच्या गल्लीतली कॉपी म्हणजे कॉपीची कॉपीची कॉपी, अँडी वॉलेसचा सगळा चकचकीतपणा त्यात धुऊन निघाला होता. कर्टला आवडली असती.

कव्हर्स कुठली ऐकू?

टोरी एमोसचं पियानोवरचं, १९९२. पॅटी स्मिथचं २००७ चं. पॉल अँकाने २००५ मध्ये सूटबूट घालून स्विंगमध्ये गायलंय, हसत हसत ऐकता ऐकता लक्षात येतं की चाल खरंच मजबूत आहे. बाकीच्यांना सोडून द्या.

गिटारवर वाजवायला सोपं आहे का?

चार पॉवर कॉर्ड, एफ, बी फ्लॅट, ए फ्लॅट, डी फ्लॅट. दोन आठवड्यांत कोणीही शिकतं आणि दहा वर्षं चुकीचं वाजवतं, कारण सगळा जीव डाव्या हाताने तार दाबून खरवडायच्या त्या मुक्या स्ट्रोकमध्ये आहे, ते नसलं तर नुसती चार कॉर्डची बाराखडी. व्हर्समध्ये गिटार फक्त दोन सुटे सूर टाकते, बास त्याच चार मुळांवर चालत राहतो, म्हणजे गाणं खरं तर बास आणि ड्रम चालवतायत आणि गिटार बाजूला उभी. कोरसच्या आधी जो पाण्यात बुडाल्यासारखा आवाज येतो तो स्मॉल क्लोन नावाच्या इफेक्ट पेडलचा. आणि सोलो घाबरायसारखा नाहीच, व्हर्सची गायलेली चालच तशीच्या तशी गिटारवर. ज्याला चाल गुणगुणता येते त्याला सोलो येतो. एकट्याने प्रॅक्टिस करत असाल तर मजा येणार नाही हे आधीच सांगतो, एक ड्रमवाला पकडा.

सगळ्यात भारी व्हर्जन कुठलं?

अल्बमवालं सोडून? १७ एप्रिल १९९१, सिअ‍ॅटलचं ओके हॉटेल, हे गाणं लोकांसमोर पहिल्यांदा वाजलं तो शो. कर्ट सुरुवातीला माइकवर सांगतो की आम्ही मोठ्या लेबलला विकले गेलेले कॉर्पोरेट रॉकवाले आहोत. कॅमेरा हलतोय, समोर घामेजलेली गर्दी, त्यांना माहीतच नाही काय येतंय. शब्द अजून पुरते ठरलेले नाहीत, काही जागी तो नंतर अल्बमवर आलं त्यापेक्षा वेगळंच काहीतरी म्हणतोय, पण बास हळू उतरतो ती जागा आहे, ड्रम कोसळतो ती जागा आहे, आणि रिफ सुरू झाल्यावर काही सेकंदांतच पुढची पोरं उड्या मारायला लागलेली दिसतात.